फार सुरेख मरायचे काका

“सरका! अहो सरका म्हणते ना! माणूस मरतोय इथे आणि तुम्ही सगळे बघत काय उभे राहिलात?”

ओरडणारी माझी बायको. ठिकाण ऑकलंडमधलं अवोन्डेल, कोपऱ्यावरच्या डेअरीसमोरचा फुटपाथ. डेअरी म्हणजे इथे दूध, पाव आणि लॉटरीची तिकिटं विकणारं दुकान. साल दोन हजार अकरा. आम्ही या गल्लीत राहायला येऊन जेमतेम महिना झाला होता. हॉस्पिटलातली सकाळची ड्युटी संपवून ही बसमधून उतरली, मी तिला घ्यायला स्टॉपवर उभा, आणि समोर डेअरीच्या दारातून एक उंच, पांढऱ्या केसांचा गोरा म्हातारा बाहेर आला. त्याच्या हातातून दुधाची बाटली निसटली. ती दुसऱ्याच कुणाची असावी तशी त्याने ती पडताना पाहिली. मग दाराला पाठ घासत तो खाली बसला आणि एका कुशीवर कलंडला.

भोवती पंचवीस-तीस माणसं. एकाच्या खांद्यावर कॅमेरा. एकाच्या हातात लांब काठी आणि काठीच्या टोकाला केसाळ बोका लटकवावा तसा माईक. पण नर्सला यातलं काही दिसत नाही. नर्सला फक्त पडलेला माणूस दिसतो. हिने पर्स भिरकावली, ती कॅमेऱ्याला लागली (हे ती आजही कबूल करत नाही, पण मी पाहिलंय), गुडघे टेकले, म्हाताऱ्याला उताणं करून नाडी चाचपली आणि दोन्ही हातांनी त्याची छाती दाबायला घेतली. हिचा जोर तुम्हाला माहीत नाही. आमचं बंद पडलेलं वॉशिंग मशीन हिच्या दोन बुक्क्यांत सुरू होतं. आणि घाईत ही मराठीतच ओरडते. तरी गंमत बघा, एकूण एक गोरा माणूस सरकला.

चौथ्या की पाचव्या दाबाला प्रेताने डोळे न उघडता, ओठ जेमतेम हलवत म्हटलं, “मॅडम, प्लीज. मी मेलोय.”

“मेलेली माणसं बोलत नाहीत,” ही इंग्रजीत गरजली. “गप्प पडून राहा!”

मग कुणीतरी ‘कट’ म्हणून ओरडलं, आणि त्यानंतर पाच मिनिटं सगळेच ओरडत होते. प्रेत तेवढं शहाण्यासारखं गप्प पडून होतं.

संध्याकाळी आमच्या दारावर टकटक. बघतो तर प्रेत. अंगात इस्त्रीचा शर्ट, हातात सफरचंदाचा केक आणि चेहऱ्यावर, काय सांगू, वधूपित्याने स्थळ पसंत पडल्याचा निरोप आणावा तसा आनंद. “मी दोन घरं सोडून राहतो,” ते म्हणाले. “तुमच्या पत्नीचे आभार मानायला आलोय. चाळीस वर्षं मी मरतोय. समीक्षकांनी स्तुती केली, दिग्दर्शकांनी केली. पण माझ्या मरण्यावर इतका विश्वास आजवर कुणी ठेवला नव्हता.”

ही कसनुशी होऊन म्हणाली, “पण तुमची नाडी खरंच लागत नव्हती हो.”

“बरोबर आहे,” ते गंभीरपणे म्हणाले. “मी ती थांबवली होती.”

तर हे जर्मनकाका. गल्लीतल्या चार मराठी घरांनी त्यांना दिलेलं नाव. खरं नाव मी सांगणार नाही, आणि त्याचं कारणही त्यांचंच आहे. एकदा आम्ही पिहाच्या समुद्रकाठी काळ्या वाळूवर फिरायला गेलो होतो. समोरून टॉग्ज, म्हणजे पोहायचे कपडे, घातलेलं एक जर्मन जोडपं आलं, काकांना बघून थबकलं, आणि बाई किंचाळली. मग तिघांचं जर्मनमध्ये काहीतरी झालं, काकांनी कमरेत वाकून नमस्कार केला, फोटो निघाले. मी विचारलं, काय म्हणत होती? काका म्हणाले, “म्हणाली, पेट्रोल पंपावर त्या फार्मासिस्टच्या बायकोला तुम्हीच मारलंत ना? मी म्हटलं, हो, मीच.”

“आणि तुमचं नाव?”

“ते कुणी विचारत नाही. नाव लक्षात राहिलं असतं तर चेहरा विसरले असते. आणि इंजिनिअर, चेहरा हा माझा धंदा आहे.”

मला ते कायम ‘इंजिनिअर’ म्हणायचे. आणि हिला ‘वहिनी’. आमच्याकडे येणारा प्रत्येक माणूस हिला वहिनी म्हणतो हे पाहून ते तिचं नावच आहे असं काकांनी धरलं. मी खुलासा केला नाही. काही नावं माणसाला बसतात.

काकांच्या देशात म्हणे दर रविवारी संध्याकाळी टीव्हीवर कुणाचातरी खून होतो आणि सगळा देश जेवणं आटपून तो बघायला बसतो. दर रविवारी खून पाडायचा म्हणजे मरायला माणसं लागणार. काका ती माणसं होते. जर्मनीत असा एक तलाव नाही ज्यातून त्यांना ओढून बाहेर काढलेलं नाही, असा एक जिना नाही ज्यावरून ते गडगडले नाहीत. विष त्यांनी इतक्या वेळा घेतलं की खऱ्या विषानेही त्यांना नुसती ढेकर आली असती. मधूनमधून बदल म्हणून ते खुनी व्हायचे, स्टेशनमास्तर व्हायचे, पाद्री व्हायचे. पण तो पाद्रीही बहुधा दुसऱ्या जाहिरातीच्या आत घंटेखाली सापडायचा.

न्यूझीलंडलाही ते मरायलाच आले होते. एका सिनेमात त्यांना हिमनदीच्या भेगेत पडायचं होतं. दोराला बांधून त्यांना खाली सोडलं, शॉट झाला, आणि दोरवाले चहाला गेले. काका भेगेत लोंबकळत अर्धा तास वर बघत राहिले. “वर एवढीशी आकाशाची फट होती,” ते सांगायचे. “इतकं निळं मी कुठे पाहिलं नव्हतं. वर आलो आणि म्हटलं, मी आता इथेच राहणार.” हा अर्धा तास पुढे दोन तासांचा झाला आणि शेवटी शेवटी तर त्यांनी त्या भेगेत एक रात्र काढली होती. मी कधी टोकलं नाही. मीही या धंद्यातलाच, बोलण्याच्या.

आता त्यांच्या कामाची पद्धत. तुमच्यापैकी कुणी नाटकात काम केलं असेल तर नीट ऐका.

काकांना कुठलाही रोल येवो, एका वाक्याचा पोस्टमन का असेना, त्यांचा पहिला प्रश्न एकच. “माझा माणूस न्याहारीला काय खातो?” दिग्दर्शक चक्रावायचे. अहो, तो पोस्टमन आहे, पत्र देतो आणि जातो. “ते कळलं. पण खातो काय?” उत्तर मिळालं नाही तर ते स्वतः ठरवायचे आणि शूटिंग संपेपर्यंत तेच खायचे. स्विस बँकवाला असताना पंधरवडाभर उकडलेलं एक अंडं, तेही चमच्याने टिचक्या मारून. खुनी असताना नुसती काळी कॉफी. त्या दिवसांत आम्ही त्यांच्या वाटेला जात नसू. एकदा रशियन खलाशी होते तेव्हा सकाळी सकाळी खारवलेले मासे खात, आणि आमच्या गल्लीतली यच्चयावत मांजरं महिनाभर त्यांच्या ओट्यावर संपावर बसल्यासारखी बसून होती.

दर रविवारी अवोन्डेलच्या बाजारात ते आमच्याबरोबर यायचे. आम्ही मेथी आणि मुळे घ्यायचो, काका चाली घ्यायचे. गर्दीत एखादा माणूस हेरायचा, त्याच्या मागे दहा पावलांवर चालायचं, आणि त्याची चाल उचलायची. एकदा एका चिनी भाजीवाल्याच्या हालचाली ते इतक्या बारकाईने बघत उभे राहिले की त्याला वाटलं, हा म्हातारा म्युन्सिपाल्टीचा इन्स्पेक्टर. त्याने भराभर टोपल्या आवरल्या आणि पाठीमागून निसटायला लागला. त्याचं बघून शेजारची टोंगन बाई आपले तारोचे कंद भरायला लागली, तिचं बघून तिसरा. बघता बघता अर्धा बाजार उठला. काका मधोमध उभे, कावरेबावरे. घरी येऊन म्हणाले, “माझ्या नुसत्या उभं राहण्यावर एवढे प्रेक्षक पहिल्यांदाच उठून गेले.” पण त्या भाजीवाल्याचं मान खाली घालून, खांदे उचलून निसटणं त्यांनी उचललं होतं. पुढे एका सिनेमात ते सीमेवरून पळणारा माणूस झाले तेव्हा मी थिएटरात ते ओळखलं. अंगावर काटा आला. मुळ्यांच्या जुड्यांतून आलेली ती भीती होती.

त्यांना सगळ्यात नकोसा वाटे तो गणवेश. इथल्या सिनेमावाल्यांना जर्मन माणूस म्हटला की एकच आठवायचं: युद्धातला अधिकारी, चकचकीत बूट, खेकसणं. काका दोनदा नाही म्हणाले. तिसऱ्यांदा हो म्हणाले, आणि काय केलं? खेकसलेच नाहीत. त्या अधिकाऱ्याला सर्दी झालेली दाखवली. तो कैद्यांच्या यादीवर सही करतो, मध्येच रुमाल शोधतो, शेजारच्याची माफी मागतो, नाक पुसतो, पुन्हा सही करतो. थिएटरात शेजारी बसलेली माझी बायको माझं मनगट घट्ट धरून कुजबुजली, “अहो, मला याला वाफ द्यावीशी वाटतेय. आणि याचीच भीती वाटतेय.” मी त्या दिवशी ठरवलं, मोठा नट म्हणतात तो हाच. पोस्टरवर काकांचं नाव नव्हतं. शेवटच्या पाट्यांत होतं, पण तोवर झाडूवाले आत आले होते.

काकांच्या मरण्याचा एक फार जुना प्रेक्षक होता. त्यांची आई. नव्वदी ओलांडलेली, उत्तर जर्मनीतल्या एका गावात वृद्धाश्रमात राहायची. तरुणपणी गावच्या सिनेमा थिएटरात तिकिटं विकायची, त्यामुळे मरताना तिने पुष्कळांना पाहिलं होतं. तिथे रविवारची संध्याकाळ म्हणजे इथे सोमवारची सकाळ. टीव्हीवर काका मेले की सोमवारी सकाळी फोन वाजायचाच. एकदोनदा काका आमच्याकडे पोह्यांना असताना वाजला. पलीकडून म्हातारी खणखणीत आवाजात बोलायची आणि काका शाळेतल्या पोरासारखे ‘हो आई, हो आई’ करायचे. मग फोन ठेवून आम्हाला सांगायचे, “म्हणते, पडताना हात टेकवलास. मेलेला माणूस हात टेकत नाही.” किंवा, “म्हणते, डोळे मिटायची घाई केलीस, तुला दूध उतू जाण्याची काळजी होती का?” एकदा मात्र फोन ठेवून आधी खुर्ची ओढून बसले. मग म्हणाले, “म्हणते, आज बरा मेलास.” त्या दिवशी त्यांनी पोहे तीनदा घेतले.

मग एका सोमवारी फोन आला तो आईचा नव्हता. आश्रमातल्या बाईंचा होता. काका आमच्या स्वयंपाकघरात उभे होते. ऐकता ऐकता त्यांनी हातातली बशी हळूच ओट्यावर ठेवली.

झालं होतं ते असं. काकांचा एक जुना भाग पुन्हा दाखवला होता, कालव्यात बुडून मरण्याचा. आईने तो बघितला आणि ती रडायला लागली. मुलगा गेला म्हणाली. काळा ड्रेस काढून इस्त्री करून द्या म्हणाली, अंत्यविधी कधी आहे विचारलं. आधीच्या वर्षभरात ती गोष्टी विसरायला लागली होती हे काकांना ठाऊक होतं. त्या उन्हाळ्यात ते जाऊनही आले होते. समोर बसले तरी ‘तुम्ही कोणाकडले?’ विचारायची. पण टीव्हीवरचं सगळं मात्र तिला खरं आणि ओळखीचं वाटायचं.

“फोन तिच्याकडे द्या,” काका म्हणाले. आणि मग जर्मनमध्ये काहीतरी बोलले, मऊ आवाजात, दोनदा-तीनदा तेच. पलीकडून एकच वाक्य आलं. काकांनी फोन ठेवला.

“मी म्हटलं, आई, मी आहे, मी जिवंत आहे,” ते म्हणाले. “तर म्हणते, तुम्ही त्याचा आवाज छान काढता हो.”

ही गॅस बंद करून त्यांच्याजवळ येऊन उभी राहिली. काकांनी खिशातून रुमाल काढला, पण यावेळी सर्दी नव्हती.

“वहिनी,” ते म्हणाले, “मला आता असं एक काम पाहिजे ज्यात मी शेवटपर्यंत जगेन. ती माझं ऐकत नाही, टीव्हीचं ऐकते. तर टीव्हीनेच तिला सांगितलं पाहिजे. एकदाच. शेवटच्या भागात मी उभा आहे, श्वास घेतोय, एवढं तिने बघावं.”

ऐकायला काय, सोपं वाटतं. पण तुम्हीच सांगा, चाळीस वर्षं ज्याला तलावातून काढलं त्याला जगवायला कोण तयार होणार? काकांनी सांगून पाहिलं. एजंट हसला. एका जाहिरातीत त्यांना जिवंत ठेवलं, पण ती विम्याची होती, आणि शेवटी त्यांचा फोटो भिंतीवर होता.

मग ख्राइस्टचर्चची मालिका आली. भूकंपानंतर पुन्हा उभ्या राहणाऱ्या एका गल्लीची गोष्ट. काका त्यात म्हातारे घड्याळजी. बारा भागांची मालिका आणि काकांचं मरण दुसऱ्याच भागात: डोळ्यांदेखत दुकान पाडतात, ते फुटपाथच्या कडेला बसतात आणि मरतात. नात मग ते दुकान पुन्हा उभारून पुढे चालवते.

काका दिग्दर्शिकेकडे गेले. ती पोरगेली किवी बाई, पायात बाराही महिने जँडल्स, म्हणजे रबरी चपला, आणि प्रत्येक गोष्टीला ‘स्वीट ॲज’, म्हणजे ‘एकदम मस्त’, म्हणणारी. काका म्हणाले, मला जगू द्या. ती म्हणाली, अहो, तुम्ही मेल्याशिवाय नातीला दुकान कसं मिळेल? काका म्हणाले, मी तिला जिवंतपणीच देतो ना. ती हसली आणि म्हणाली, “स्वीट ॲज, पण मरायचंय.”

मी तेव्हा दर आठवड्याला ख्राइस्टचर्चला जायचो. हललेल्या इमारती पाडायच्या की टेकू देऊन ठेवायच्या, हे सांगणं माझं काम. शूटिंगच्या आदल्या दिवशी काका मला म्हणाले, “इंजिनिअर, कुंपणाच्या आत माणसांना सोडायचे तेव्हा ती काय घेऊन बाहेर यायची?”

मी सांगितलं. भूकंपानंतर शहराचा मधला भाग कुंपण घालून बंद केलेला, तिथे हेल्मेट घालून काही मिनिटं आत सोडायचे. पासपोर्ट, दागिने आणायला गेलेला माणूस हातात इस्त्री घेऊन बाहेर यायचा. का, ते त्यालाही सांगता यायचं नाही. एक आजीबाई आत जाऊन फक्त पायपुसणं घेऊन आल्या. फुटपाथवर ते नीट पसरलं, कोपरे सरळ केले आणि त्यावर उभ्या राहिल्या. मी विचारलं, आजी, आणखी काही? तर म्हणाल्या, नको, आता मी घरी आले.

काका जेवत होते ते थांबले. दुसऱ्या दिवशी न्याहारीला त्यांनी काहीच खाल्लं नाही. “माझ्या माणसाचं स्वयंपाकघर आत अडकलंय,” म्हणाले.

शूटिंगला मी हजर होतो. रिकाम्या प्लॉटवर खोटं दुकान उभारून पाडलं होतं, दाराची चौकट तेवढी उभी. कॅमेरा सुरू झाला. काका आले, त्या ढिगाऱ्याकडे पाहिलं, चष्मा काढला, फुटपाथच्या कडेला बसले. आता मरणार. सगळं युनिट श्वास रोखून. काका बसून राहिले. छातीवर हात गेला, तिथेच थांबला, आणि त्यांनी कोटाचं बटण लावलं. मग उठले. विटांमध्ये वाकून चाचपडले आणि खालून एक पायपुसणं ओढून काढलं. (ते त्यांनी पहाटे स्वतःच तिथे पुरून ठेवलं होतं, हे मला नंतर कळलं.) झटकलं, धूळ उडाली, खोकले. चौकटीसमोर ते पसरलं, कोपरे सरळ केले. बूट पुसले, आधी उजवा, मग डावा. आणि त्या नसलेल्या दुकानात आत गेले.

कुणी ‘कट’ म्हटलं नाही. कॅमेरावाला रडत होता, लाइटवाला रडत होता, पलीकडे क्रेनवर बसलेला सामोअन गडी, सहा फूट चार इंच, हेल्मेटमध्ये तोंड घालून रडत होता. मी रडलो नाही. माझ्या डोळ्यात सिमेंट गेलं होतं.

शेवटी दिग्दर्शिका नाक ओढत म्हणाली, “अहो, तुमचं मरायचं राहिलं की.”

“सॉरी,” काका म्हणाले. “विसरलो.”

दुसऱ्या दिवशी पुन्हा तोच शॉट. पुन्हा बसले, पुन्हा उठले, पुन्हा बूट पुसून आत. “आज तरी?” तिने विचारलं. “आज लक्षात होतं,” काका म्हणाले, “पण बुटांना चिखल फार होता.”

तिसऱ्या दिवशी तिने लेखकाला बोलावून घेतलं. लेखकाने डोकं धरलं, कारण कुणीतरी मरायला तर हवंच होतं. अखेर बँकेचा मॅनेजर मारला. त्याचं कुणालाच वाईट वाटलं नाही. आणि काका बाराच्या बारा भाग जगले. शेवटच्या भागात दुकान पुन्हा उघडतं, नात आणि आजोबा मिळून शटर वर ढकलतात, आणि काका दारात उभे राहून नुसता श्वास घेतात. मी सांगतो तुम्हाला, नुसता श्वास घेणं इतकं अवघड असतं हे मला त्या दिवशी कळलं.

मालिका इथे गाजली. पोरिरुआपासून इन्व्हरकार्गिलपर्यंत लोक काकांना रस्त्यात थांबवून ‘किया ओरा, घड्याळवाले’ असा इथला माओरी नमस्कार करायला लागले. नाव अजूनही कुणाला माहीत नव्हतं. मग ती जर्मनीतल्या एका चॅनेलने विकत घेतली, आणि नवाच घोळ. तिकडे परदेशी मालिका जर्मनमध्ये आवाज बदलून दाखवतात. काकांना पत्ता न लागू देता त्यांच्या तोंडी दुसऱ्याच कुणाचा भारदस्त आवाज घालायचं ठरलं होतं. काका आयुष्यात पहिल्यांदा खरोखरचे खेकसले. “मी जर्मन! बोलणार जर्मन! ऐकणार माझी आई! आणि आवाज शेजारच्याचा?” गणवेशातल्या रोलला त्यांनी जे खेकसणं वापरलं नव्हतं ते सगळं त्या फोनमध्ये ओतलं. पलीकडचा माणूस बहुधा उभा राहूनच ऐकत होता. ठरलं, काकांनीच येऊन आपला आवाज द्यायचा.

दोन हजार एकोणीसच्या सुरुवातीला ते गेले. दोन-तीन महिन्यांनी येतो म्हणाले. किल्ली हिच्याकडे दिली, मागच्या अंगणातल्या फेजोआच्या झाडाला पाणी घालायला सांगितलं. विमानतळावर मी विचारलं, आज न्याहारीला काय खाल्लंत? “सगळं,” ते म्हणाले. “आज मी मीच आहे.”

ते परत आले नाहीत. घर एका एजंटामार्फत विकलं गेलं, आता तिथे एक तरुण जोडपं राहतं, चांगलं आहे, केक मात्र आणत नाही. हिवाळ्यात एका रविवारी संध्याकाळी काकांचा फोन आला. तिकडे सकाळ होती. हिने फोन स्पीकरवर ठेवला.

शेवटचा भाग आदल्या रात्री झाला होता. ते आईच्या शेजारीच बसले होते, तिचा हात हातात धरून. शटर वर गेलं, पडद्यावरचे काका दारात उभे राहिले, श्वास घेतला. शेजारच्या काकांनी म्हटलं, “आई, बघ. तुझा मुलगा.”

आईने नीट बघितलं. चष्मा पुसून पुन्हा बघितलं. “छे,” म्हणाली. “माझा मुलगा असता तर एव्हाना मेला असता.”

  एवढा मोठा माणूस, एवढी मेहनत, अख्खा सामोअन गडी रडवला, आणि जिच्यासाठी केलं तिने ओळखलं नाही. पण काकांच्या आवाजात रडकेपणा नव्हता. काम मिळालेल्या नटाचा आवाज होता तो.

“मग मला कळलं,” ते म्हणाले. “मी पडद्यावर मेलो की तेवढा वेळ तिला मी आठवतो. सगळा आठवतो. नाव, जन्माची वेळ, सायकलवरून पडून तुटलेला दात. मागच्या महिन्यात जुना भाग लागला तेव्हा बघितलं ना मी. तासभर नर्सला माझ्याबद्दल सांगत होती. मी पलीकडच्या खोलीत ऐकत होतो. म्हणून मी रविवारच्या मालिकेत काम घेतलंय. छोटंच आहे. छातीत गोळी लागते.”

“म्हणजे पुन्हा मरणार?” मी म्हटलं.

“पहिल्या दहा मिनिटांत.”

हिला राहवलं नाही. फोन स्वतःकडे ओढून घेत म्हणाली, “अहो काका, पण ती बघेल ना ते? ती रडेल हो!”

“रडेल,” काका म्हणाले. “मी दाराबाहेर उभा असेन.”